चंद्र थोडा जास्त शिजला

इंदुजिजी गेल्याची बातमी मला दूधवाल्यानं दिली. मी शाळेत शिकवायला निघाले होते, तेवढ्यात रामसेवकचा फोन आला. "मैडम, जिजी किवाड़ नहीं खोल रहीं. और भीतर बत्ती जल रही है, सवेरे-सवेरे." त्या शेवटच्या शब्दांवर मी शाळेची पिशवी खाली ठेवली. सकाळी जिजी कधीच काम करत नसत. सकाळचा उजेड भोचक असतो, सगळीकडे नाक खुपसतो, असं त्यांचं म्हणणं. ग्वाल्हेरच्या थाटीपुरातच माझं घर, त्यांच्यापासून दोन गल्ल्या पलीकडे. त्यांच्या घराची एक किल्ली माझ्याकडे असायची. दार उघडलं तेव्हा जिजी त्यांच्या नेहमीच्या लाकडी खुर्चीत बसलेल्या होत्या, मान किंचित कलती, हात मांडीवर. समोर टेबलाच्या काचेखालचा दिवा आदल्या संध्याकाळपासून तसाच जळत होता, आणि काचेवर डाळींचं चित्र होतं... अर्धवट. ग्वाल्हेरचा किल्ला टेकडीवरून खाली उतरत होता. पुढचे दोन बुरूज गुडघ्यांसारखे वाकले होते, मागचा भाग अजून वरच होता, उंट बसताना दिसतो तसा. खाली तळं होतं. वर कोपऱ्यात चंद्र. डॉक्टर नंतर आले, हृदय झोपेतच थांबलं म्हणाले. रामसेवक दारात उभा राहून डोळे पुसत होता. मी सगळे दिवे बंद केले, फक्त काचेखालचा नाही. त्याला हात लावायची माझी हिंमत झाली नाही.

ज्यांनी त्यांचं नाव ऐकलेलं नाही त्यांच्यासाठी सांगते. इंदुमती खळदकर चित्रकार होत्या. लहान मुलांच्या मासिकांसाठी त्यांनी पुष्कळ चित्रं काढली. ती तुम्ही पाहिली असतील तर विसरला नसाल, कारण त्यांत माशांना छत्र्या असत आणि जिने कुठेच न पोचता परत खाली येत. पण त्यांचं खरं काम म्हणजे त्यांच्या छोट्या छोट्या फिल्म. दुधी काचेचं एक टेबल, खाली दिवा, वर लोखंडी दांड्याला उलटा बांधलेला कॅमेरा. काचेवर त्या डाळी पसरून चित्र मांडत. मग चार दाणे जरासे सरकवायचे, फोटो घ्यायचा. पुन्हा सरकवायचे, पुन्हा फोटो. असे ढिगानं फोटो झाले की कॉम्प्युटरवर ते एकामागून एक पळवायचे आणि डाळ चालायला लागायची. तूर म्हणजे दगड आणि माती. उडीद म्हणजे सावली. मसुरीच्या डाळीतून उजेड आरपार येतो, म्हणून ती संध्याकाळ. चंद्र मात्र मुगाच्या पिवळ्या डाळीचाच. दाण्यांना रंग लावायला त्यांचा सक्त विरोध होता. "रंग लावला की डाळ मरते बेटा. मग ती कोणाच्या कामाची नाही. ना माझ्या, ना पोटाच्या."

या फिल्ममध्ये जे घडायचं ते कसं सांगू? स्वप्न सकाळी सांगायला जावं आणि तोंडातच विरघळावं, तसं होतं. एका फिल्ममध्ये किल्ल्यावरच्या निळ्या फरश्यांच्या भिंतीतली पिवळी बदकं दुपारी खाली उतरतात आणि ओळीनं दाल बाजारात, आमच्या डाळींच्या पेठेत, दाणे टिपायला येतात. व्यापारी त्यांना गिऱ्हाईक समजून गादीवर बसवतात. दुसरीत एक कालवा कंटाळून आभाळात वळतो, आणि गावातल्या बायका शिड्या लावून पाणी भरायला वर जातात. हा कालवा कुठून आला ते मला पुढे समजलं. जिजींनी सारी नोकरी सिंचन विभागात केली होती, नकाशे उतरवून काढायची. कालव्यांच्या निळ्या रेघा, त्या सरकारी कागदावर सरळ काढायच्या आणि घरी येऊन वाकवायच्या. ऑफिसात कॉम्प्युटर आले तेव्हा बाकीचे रुसून बसले, जिजी शिकल्या. "मला वाटलं, रेघ आता हलवता येईल. मी तर याचीच वाट पाहून राहिले होते इतकी वर्षं!"

मी मूळची ग्वाल्हेरजवळच्या डबऱ्याची. आमचे पूर्वज दक्षिणेतून फौजेबरोबर घोड्यावर आले, असं आजोबा सांगायचे. वडील सायकलवर होते, तांदळाच्या मिलमध्ये पहारेकरी. घरात मराठी बोलायचो, पण ती घरातल्याच भांड्यांसारखी, पाहुणे आले की आत ठेवायची. आमच्या घराण्यात कुणी कॉलेज पाहिलं नव्हतं. बी.ए. करायला मी ग्वाल्हेरला आले आणि थाटीपुरात एका सरकारी क्वार्टरच्या मागची खोली भाड्यानं घेतली. तो पितृपक्ष होता. आमच्याकडे त्या पंधरवड्यात मुली घराच्या भिंतीवर शेणानं सांझी मांडतात, वर फुलांच्या पाकळ्या चिकटवतात. रोज नवं चित्र. कधी पंखा, कधी शिडी, शेवटच्या दिवशी कोट, म्हणजे किल्ला. काल केलेलं आज खरवडून टोपलीत ठेवायचं आणि त्याच जागी आजचं करायचं. शेवटी सगळं पाण्यात सोडायचं. मला घरची फार आठवण यायची, म्हणून मी मागच्या भिंतीवर कुणाला दिसणार नाही अशा बेतानं सांझी काढत होते. कॉलेजातल्या मुलींना कळलं असतं तर हसल्या असत्या. एक दिवस आदल्या दिवशीचं खरवडायला गेले तर मागून आवाज आला, "थांब. खरवडू नकोस ते. आधी एक फोटो घेऊ दे."

वळून पाहिलं तर खांद्यापर्यंत पांढरे केस, सुती साडी, हातात कॅमेरा घेतलेल्या एक बाई. शेजारच्याच घरातल्या. मी ओशाळून शेणाचे हात मागे लपवले. त्या म्हणाल्या, "लपवून काय राहिलीस? मी तर पहिल्या दिवसापासून कुंपणावरून फोटो घेते आहे तुझ्या भिंतीचे." मग मला घरात नेलं, हात धुवायला लावले, चहा दिला आणि कॉम्प्युटरसमोर बसवलं. माझीच भिंत होती. पण पंखा हळूहळू शिडी झाला, शिडीचं फूल झालं, आणि वरचा चंद्र, जो मी रोज थोडा वेगळ्या जागी चिकटवत होते, तो भिंतीवरून खरोखर चालत गेला... मी रडायला लागले. जिजींना वाटलं मला राग आला. "अगं, विचारून घ्यायला पाहिजे होतं, चुकलंच माझं," म्हणाल्या. ज्या गोष्टीची मला लाज वाटत होती, ती माझ्यासमोर चालत होती.

त्यानंतर मी त्यांच्या घरी जायला लागले ती कायमची. वर्षभरानं मागची खोली सोडून त्यांच्याकडेच राहायला गेले, आणि बी.एड. होऊन शाळेत नोकरी लागेपर्यंत तिथंच होते. जिजींचं मूळ घर शहरातल्या जुन्या खासगी बाजारात, घराणं दरबारातल्या कारकुनांचं. लग्न त्यांनी केलं नाही. आई होत्या तोवर तिथं राहिल्या, नंतर थाटीपुरात हे छोटं घर घेतलं. "तिथं प्रत्येक भिंतीवर कोणी ना कोणी पूर्वज टांगलेला. मला एक रिकामी भिंत पाहिजे होती," असं म्हणायच्या. माझं काम होतं बटण दाबायचं. त्या दाणे सरकवायच्या, मग दोन्ही हात खांद्यापर्यंत उचलून म्हणायच्या, "हात वर!" तेव्हा मीही एक हात वर करायचा आणि दुसऱ्यानं बटण दाबायचं. कारण या कामातली सर्वांत सोपी चूक म्हणजे आपलाच हात फोटोत राहून जाणं. एका फोटोत राहिलेला हात फिल्म पळताना डोळ्याला दिसतही नाही, फक्त काहीतरी चमकून गेल्यासारखं वाटतं. पण जिजींना तो झोपू देत नसे. पुढे पुढे ही सवय त्यांच्या अंगातच मुरली. भाजीवाल्याकडे टोमॅटो निवडून टोपलीत टाकले की दोन्ही हात वर. तो विचारायचा, "क्या जिजी, पुलिस आ गई?" आणि जिजी गंभीरपणे, "नहीं भैया, टमाटर का फोटो हो रहा है."

दाल बाजारात त्यांच्याबरोबर जाणं हा तर एक सोहळाच होता. दुकानदार पोत्यांची तोंडं उघडून बसलेले, जिजी मूठभर डाळ घेऊन उजेडाकडे धरून डोळा बारीक करून बघायच्या. एका लालाजींनी पहिल्यांदा प्रामाणिकपणे सांगितलं होतं, "बहनजी, ये वाली मत लो, पुरानी है, गलेगी नहीं." जिजी म्हणाल्या, "गलानी किसको है, चलानी है." लालाजींना वाटलं या बाईंचं डोकं फिरलंय. मग एका दिवाळीत जिजींनी बदकांची फिल्म लालाजींच्या दुकानामागच्या अंगणात, चादर बांधून दाखवली. हमाल, मुनीम, बायकापोरं सगळे बसले होते. संपल्यावर सगळे लालाजींकडे बघायला लागले. मग लालाजी म्हणाले, "समझ में तो कुछ नहीं आया जिजी... पर मेरी वाली मसूर मैंने पहचान ली." त्यानंतर त्यांनी जिजींना जुनी डाळ कधी दिली नाही, मागितली तरी.

आता मला माझ्या आईबद्दल सांगायचं आहे. मी जिजींकडे राहायला गेले त्या हिवाळ्यात आई पहिल्यांदा ग्वाल्हेरला आली. शांताबाई तिचं नाव. तिला वाचता येत नाही. मुलगी एका परक्या बाईच्या घरी राहते, खोलीचं भाडं घेत नाहीत, हे तिच्या मनाला फार लागून होतं. काहीतरी हातभार लावल्याशिवाय तिथं पाणी प्यायलाही तिला जड जात होतं. दुसऱ्या दिवशी मी कॉलेजात होते, जिजी बँकेत गेल्या होत्या. आई घरात एकटी. झाडून झालं, भांडी झाली. मग ती आतल्या खोलीत गेली आणि तिला दिसलं की काचेच्या टेबलावर डाळ पसरलेली आहे. तूर, मूग, उडीद, मसूर, सगळी एकत्र! आणि खाली तांदळाची कणीही मिसळलेली. तिला वाटलं, बिचाऱ्या जिजींच्या हातून डबे सांडले, निवडायला पसरून ठेवलंय आणि वेळ मिळत नाहीये. शहाणपणानं खाली उजेडही लावलाय, खडे दिसावेत म्हणून.

आईनं ते सगळं निवडलं. खडे काढले. एकही दाणा वाया जाऊ दिला नाही. काच ओल्या फडक्यानं लख्ख पुसली. आणि धुऊन, हळद-हिंग घालून, त्याची खिचडी केली.

मी आले तेव्हा घरभर वास सुटला होता. आई इतकी आनंदात होती... "बघ, जिजींचं रखडलेलं काम करून टाकलं." मी आतल्या खोलीच्या दारात गेले तर काच रिकामी. दिवाळीपासूनचं काम होतं ते. चंद्र गावात उतरतो, त्या फिल्मचा सगळ्यात मोठा देखावा. बाजार, छपरं, गच्च्यांवर उभी माणसं. पुढचे फोटो त्याच चित्रावरून घ्यायचे होते. मला एकच दिसत होतं, की आता हे घर सुटणार, आणि घर सुटलं की कॉलेजही सुटणार, आणि आईला मी हे कधीच सांगू शकणार नाही की का सुटलं. तेवढ्यात जिजी आल्या. चपला काढल्या, वास घेतला, आत गेल्या. रिकाम्या काचेपुढे उभ्या राहिल्या. आई मागे पदर हातात घेऊन उभी, शाबासकीची वाट बघत. मी डोळ्यांनी जिजींना विनवत होते. मग जिजी वळल्या आणि म्हणाल्या, "शांताबाई, पानं घ्या. भूक लागली आहे."

आम्ही तिघी जमिनीवर बसून जेवलो. जिजींनी पहिला घास घेतला, सावकाश चावला, छताकडे बघितलं, आणि माझ्याकडे वळून हळूच म्हणाल्या, "चांगली झाली आहे. चंद्र थोडा जास्त शिजला आहे, बस." मुगाची डाळ तुरीच्या आधी शिजते हे आईला माहीत होतं, चंद्राचं माहीत नव्हतं. ती म्हणाली, "काय म्हणाल्या जिजी?" "काही नाही, अजून थोडी वाढा म्हटलं." आणि त्यांनी खरोखर दोनदा मागून घेतली. नंतर आई झोपली तेव्हा मी त्यांचे पाय धरायला गेले, तर त्यांनी माझ्या डोक्यावर टपली मारली. "वेडी आहेस का? मला तर समजतच नव्हतं की चंद्र गावात उतरल्यावर पुढे काय करायचं. आता समजलं." ती फिल्म तुमच्यापैकी काहींनी पाहिली असेल, दूरदूरच्या देशांत ती दाखवली गेली. त्यात चंद्र गावात उतरतो, एक बाई त्याला पातेल्यात घालून चुलीवर ठेवते, आणि सगळं गाव पंगतीत बसून तो खातं. मग माणसांच्या पोटांतून मंद उजेड येऊ लागतो आणि त्या उजेडात सगळे आपापल्या घरी जातात. शेवटी नावं येतात. त्यात एक ओळ आहे, 'स्वयंपाक: शांताबाई, डबरा'. मी ती आईला वाचून दाखवली तेव्हा तिला झालेला प्रकार पहिल्यांदा कळला. ती रडली, हसली, आणि शेवटी म्हणाली, "पण मीठ कमी होतं त्या दिवशी."

आईची आणि जिजींची त्यानंतर अशी गट्टी जमली की मला वाटायचं, मीच यांच्या मध्ये आहे. वडील गेल्यावर आई माझ्याकडे ग्वाल्हेरला राहायला आली, आणि दुपारी ती जिजींच्या खोलीत एका पाटावर बसून नुसतं बघत राहायची. जिजी तिला विचारायच्या, "शांताबाई, हा मनुष्य इकडून जाईल की तिकडून?" आई म्हणायची, "तिकडून कशाला जाईल, तिकडे ऊन आहे." आणि माणूस इकडून जायचा. मला मात्र जिजी एका गोष्टीसाठी सतत छेडत. इतक्या वर्षांत मी बटणच दाबलं, काचेवरच्या दाण्याला कधी बोट लावलं नाही. "मला चित्र येत नाही, जिजी." "मला तरी कुठे येतं? मी डाळ सरकवते." शेवटच्या फिल्मचं काम सुरू झालं तेव्हा त्यांनी जाहीरच करून टाकलं. ही किल्ल्याची फिल्म. किल्ला हजार वर्षं उंच बसून बसून तहानला आहे आणि एका संध्याकाळी तो पाणी प्यायला खाली उतरतो. तळं आमच्या डबऱ्याच्या कणीचं होतं, काचेखालच्या दिव्यानं ते दुधासारखं चमकायचं. "याचा शेवट तू करायचा," जिजी म्हणाल्या. "किल्ला पाण्यापर्यंत आणून देण्याचं काम माझं. पाणी पाजायचं तुझं." मी हसून टाळलं. अजून किल्ला वरच होता, पुष्कळ वेळ होता...

जिजी गेल्या तेव्हा किल्ल्याचे गुडघे वाकले होते आणि तोंड पाण्याजवळ पोचलं होतं.

तेराव्यानंतर पुण्याहून त्यांचा भाचा सुहास घर आवरायला आला. भला माणूस. मी त्याला 'सुहासजी' म्हटलं की तो संकोचायचा, आणि आमची मराठी ऐकून गालात हसायचा. घर भाड्याचं, महिनाअखेर रिकामं करून द्यायचं होतं. पुस्तकं, फ्रेम केलेली चित्रं, कॉम्प्युटर यांची सोय लागली. मग तो आतल्या खोलीत येऊन उभा राहिला. "वंदनाताई, याचं काय करायचं?" काचेच्या चारी कोपऱ्यांना, डाळीला कीड लागू नये म्हणून, जिजींनीच ठेवलेला कडुलिंबाचा पाला सुकला होता. मध्ये किल्ला वाकून थांबलेला. टेबल जरा जरी हललं असतं तरी सगळं मोडलं असतं. दाराजवळून जोरात चालायचीसुद्धा मला भीती वाटत होती. सुहासनं माहितीतल्या काही जणांना विचारलं होतं. कुणी सांगितलं वरून गोंद फवारा आणि काचेसकट भिंतीला लावा. कुणी म्हणालं उरलेला भाग कॉम्प्युटरवर तयार करून देऊ, फरक कळणार नाही. "तुम्ही म्हणाल तसं," तो म्हणाला. मी रोज शाळेतून यायचे, दिवा लावायचे, त्यापुढे बसायचे, दिवा बंद करून घरी जायचे. बोट पुढे करायचे आणि मागे घ्यायचे. मला वाटायचं, एक दाणा हलला की जिजी खरंच गेल्या.

एका दुपारी आई बरोबर आली. ती पाटावर बसली, जिजी असताना बसायची तशीच, आणि बराच वेळ काचेकडे बघत राहिली. मी तिला गोंदाचं सांगितलं. ती दचकली. "अन्नावर गोंद? डोकं ठिकाणावर आहे का तुझं?"

"मग काय करू आई? पाण्यात सोडू? सांझी सोडतो तशी?"

"सांझी शेणाची असते. हे जेवण आहे." मग किल्ल्याकडे बोट दाखवून म्हणाली, "आणि त्याला किती दिवस असा वाकवून ठेवणार आहेस? तोंडाशी पाणी आणून ठेवलंय आणि पिऊ देत नाहीस. तहान लागली असेल ना त्याला."

पाणी पाजायचं म्हणजे काय, याचा मी इतके दिवस विचार करत होते. काहीतरी मोठं, अवघड काढायचं असेल असं वाटत होतं. आणि तळं तर कणीचं होतं. किल्ल्यानं पाणी प्यायचं म्हणजे कणी कमी होत जायची, एवढंच. काही काढायचं नव्हतंच. जे मांडलेलं आहे ते उचलायचं होतं... आणि ते तर सांझीमुळे मला लहानपणापासून येत होतं.

मी सुहासला बोलावलं आणि बटणापाशी बसवलं. त्याला 'हात वर' शिकवलं. मग मी किल्ल्याच्या तोंडाजवळून कणीचा पहिला दाणा उचलला. त्याच्याबरोबर दुसराही चिकटून आला. "हात वर," मी म्हणाले. फोटो. पुन्हा दाणे. फोटो. तळं काठाकाठानं आत सरकू लागलं. पुढचे कित्येक दिवस संध्याकाळी आम्ही तेच करत होतो. पाणी पिऊन झाल्यावर किल्ला तरी कुठे राहणार होता, तोही पायांकडून विरत गेला, मग मसुरीची संध्याकाळ, मग सावल्या. सगळ्यात शेवटी चंद्र. तो मी आईला उचलायला सांगितला. तिची बोटं आता वाकडी झाली आहेत, पण निवडण्याचा वेग तोच आहे. ती इतकी गुंगून गेली की एकदा मी 'हात वर' म्हटलं ते तिला ऐकूच आलं नाही, आणि सुहासनं बटण दाबलं. तिचा हात फोटोत राहिला, हातातल्या बांगडीसकट, चंद्रावर. सुहास म्हणाला, "चुकलं, हा काढून टाकतो." मी त्याला थांबवलं. मग मी कॅमेऱ्यातले, जिजींनी घेतलेले शेवटचे फोटो एकेक करून मागे पाहत गेले, आजवर धीर झाला नव्हता. त्या अखेरच्या संध्याकाळी मी गेले नव्हते, बटण त्यांनीच दाबलं होतं, आणि त्यातल्या एका फोटोत कोपऱ्यात एक हात आहे. म्हातारा, शिरा दिसणारा, तळव्याखाली थोडी मसूर. जिजींच्या सगळ्या कामात तसाच राहून गेलेला एकच. दमल्या असतील, हात वेळेवर उचलला गेला नसेल. की ठेवला असेल? मला कळत नाही, आणि आता कुणाला विचारायचंही नाही. फिल्ममध्ये दोन्ही हात आहेत. पळताना दिसत नाहीत. काहीतरी चमकून जातं, एकदा किल्ला पाण्याशी पोचताना, एकदा अगदी शेवटाला.

घर सोडायच्या आदल्या दिवशी आईनं त्या सगळ्या डाळींना ऊन दाखवलं, पाखडून घेतलं, निवडलं, आणि जिजींच्याच स्वयंपाकघरात खिचडी केली. रामसेवक आला, भाजीवाला आला, दाल बाजारातून लालाजी आले, आता त्यांना पायऱ्या चढवत नाहीत तरी आले. सुहासनं पहिला घास घेतला आणि आईनं विचारलं, "कशी झाली?" तो म्हणाला, "छान आहे मावशी, मूग जरा जास्त शिजलाय कुठं कुठं." आई माझ्याकडे बघून हसली. मीठ या वेळी बरोबर होतं.

काचेचं टेबल आता माझ्या घरी आहे. कॅमेरा काढून ठेवला, पण दिवा चालतो. आईला हल्ली कमी दिसतं, म्हणून ती संध्याकाळी त्या काचेवरच डाळ निवडते, खालून उजेड आला की खडे लगेच कळतात म्हणते. मी स्वयंपाकघरातून बघत असते. ती मूठभर डाळ पसरते, खडे बाजूला सारते, आणि झालं की दोन्ही हात काचेवरून उचलून खांद्यापर्यंत नेते. तसेच धरून ठेवते. मग माझ्याकडे बघते, म्हणजे मी बटण दाबावं म्हणून.